घराची वाढ आणि मंडळीची वाढ

(संडेस्कूलचे शिक्षक, तरुण संघ व महिला मंडळ यांच्यासाठी अभ्यास)

शास्त्रभाग : उत्पत्ती 13:1-12, निर्गम 1:8-21, निर्गम 18:13-26, प्रेषितांची कृत्ये 6:1-7.



'गणना' हे पुस्तक आपल्यापैकी पुष्कळजण भरभर उलटून पुढे जातात. नावांच्या आणि आकड्यांच्या याद्या कोण वाचणार? पण ह्या महिन्याच्या अभ्यासासाठी त्यातले दोनच आकडे आपण शेजारी शेजारी मांडून पाहू या. पहिल्या अध्यायात लढाईस जाण्याजोग्या पुरुषांची मोजणी झाली ती 6,03,550 भरली. सव्विसाव्या अध्यायात पुन्हा मोजणी झाली ती 6,01,730 भरली. मध्ये अरण्यातील सारी वर्षे गेली, एक पिढी सरली, दुसरी उभी राहिली, आणि बेरजेत फरक पडला तो अवघा 1,820 चा. जितके गेले जवळजवळ तितकेच आले.

ज्याला आज स्थिर लोकसंख्या म्हणतात ती हीच. मात्र ही स्थिरता कशाने आली हे विसरून चालणार नाही. ती मरणाने आली. मुले होत होती आणि माणसे वाळूत पुरली जात होती.

आपल्या देशाचे चित्र फार निराळे नव्हते. 1911 च्या शिरगणतीत भारताची लोकसंख्या सुमारे 25.2 कोटी होती आणि 1921 मध्ये ती सुमारे 25.1 कोटी भरली, म्हणजे दहा वर्षांत वाढ नाहीच, उलट थोडी घट. त्या दहा वर्षांत मुले कमी झाली म्हणून हे घडले नाही. 1918 च्या इन्फ्लुएंझाच्या साथीने घरेच्या घरे ओस पाडली. त्याच्याही आधी प्लेग होता, पटकी होती, आणि 1876 ते 1878 चा दुष्काळ होता, ज्याने सोलापूर, विजापूर आणि निजामाच्या मुलखातील आपला हा भाग होरपळून काढला. आमच्या निंबर्ग्याच्या बाजूला, आळंद तालुक्यात, काळ्या रानात तूर आणि ज्वारी पिकते. पाऊस चुकला की काहीच पिकत नाही. आठ मुले जन्मावी आणि तीन-चार हाती लागावी, असा जुना हिशेब होता. त्या आयांना आपण आज अडाणी म्हणतो ते बरोबर नाही. त्यांचे गणित पक्के होते. म्हातारपणी भाकरी घालणारा एक तरी उरावा, एवढेच त्या मागत होत्या.

1921 नंतर मात्र आकडे चढू लागले आणि उतरले नाहीत. जनगणना तज्ज्ञ त्या सालाला मोठी दुभंगरेषा मानतात. 1951 साली 36 कोटी, 1981 साली 68 कोटी, 2011 साली 121 कोटी. (त्यानंतरची 2021 ची जनगणना वेळेवर झालीच नाही.) लोक एकाएकी जास्त मुले जन्माला घालू लागले होते काय? नाही. मुले पूर्वीइतकीच होत होती, मरणे कमी झाली होती. देवी गेली, हिवताप हटला, धान्य रेल्वेने पोचू लागले. जन्माची रांग तशीच राहिली आणि मृत्यूची रांग आखूड झाली. ह्या दोहोंमधले अंतर म्हणजेच लोकसंख्येची वाढ.

शिक्षकांनी येथे फळ्यावर एक सोपे गणित करून दाखवावे. 70 ला वाढीच्या शेकडा प्रमाणाने भागले म्हणजे दुप्पट होण्यास किती वर्षे लागतील ते ढोबळ मानाने कळते. वर्षाला शेकडा 1 ने वाढणारे गाव 70 वर्षांत दुप्पट होते, शेकडा 2 ने वाढणारे 35 वर्षांत. 1961 ते 1981 ह्या वीस वर्षांत आपला देश शेकडा 2 हून अधिक वेगाने वाढत होता. शेत मात्र दुप्पट होत नाही. ते चार भावांत वाटले जाते, बांध वाढतात आणि एकेकाच्या वाट्याला पट्टी उरते. अब्राम आणि लोट यांच्या गुराख्यांत भांडण लागले ते नेमके ह्याच कारणाने. माणसे वाईट नव्हती, पण त्या भूमीला दोघांचे कळप एकत्र पोसवेनात. लोटाने हिरवे खोरे निवडले आणि अब्रामाने दुसरी वाट धरली. आमच्याकडे आजही तेच चालते. एक भाऊ रानात राहतो, दुसरा पुण्या-मुंबईच्या बांधकामावर किंवा सोलापूरला जातो.

हे गणित प्रथम गाजवले ते एका पाळकाने, ही गोष्ट आपल्या वाचकांना नवी वाटेल. थॉमस माल्थस हा इंग्लंडमधील चर्चचा दीक्षित सेवक. 1798 साली त्याने लिहिले की माणसे गुणाकाराने वाढतात आणि अन्न बेरजेने वाढते, तेव्हा दुष्काळ, रोगराई आणि युद्धे ही वाढ छाटीतच राहणार. 1805 पासून तो ईस्ट इंडिया कंपनीच्या कॉलेजात शिकवीत होता आणि हिंदुस्थानात कारभार करण्यास येणारे तरुण त्याच्या हाताखालून गेले. दुष्काळात मदत देणे म्हणजे निसर्गाच्या कामात ढवळाढवळ करणे, असे मानणारे अधिकारी पुढे येथे निघाले, त्यात ह्या शिकवणीचा वाटा होता असे आम्हांस वाटते. माल्थसची एक गोष्ट चुकली. माणूस म्हणजे केवळ खाणारे तोंड, असे त्याने धरले. मुले जगतील अशी खात्री पटली की आईबाप आपण होऊन कमी मुले होऊ देतात, हे त्याच्या गणितात नव्हते.

ही शक्यता ज्यांनी आपल्याकडे लवकर ओळखली त्यांत रघुनाथ धोंडो कर्वे होते. मुंबईच्या विल्सन कॉलेजात ते गणित शिकवीत. 1921 साली त्यांनी मुंबईत संततिनियमनाचे केंद्र उघडले. हे कॉलेज स्कॉटिश मिशनचे, आणि ह्याच प्रचारापायी 1925 साली त्यांना तेथील नोकरी सोडावी लागली. आपण मिशनची माणसे मिशनने काढलेल्या शाळा-दवाखान्यांची गोष्ट अभिमानाने सांगतो, ही गोष्ट सहसा सांगत नाही. पण तीही आपल्याच इतिहासातली आहे. पुढे 1927 पासून आयुष्याच्या अखेरीपर्यंत, म्हणजे 1953 पर्यंत, कर्व्यांनी 'समाजस्वास्थ्य' मासिक चालवले. त्यांच्या धर्मविषयक मतांशी आपले जुळणार नाही. परंतु किती मुले व्हावीत ह्याचा निर्णय जिच्या देहातून ती येतात तिचा असावा, हे त्यांचे म्हणणे त्या काळी सांगण्याचे धैर्य फार थोड्यांत होते. 1938 साली डॉ. आंबेडकरांच्या पक्षाने हाच प्रश्न मुंबईच्या कायदेमंडळापुढे आणला, आणि तो तेथे फेटाळला गेला. तिकडे म्हैसूर संस्थानाने मात्र 1930 सालीच सरकारी दवाखान्यांत संततिनियमनाचा सल्ला देण्याचे ठरवले होते. 1952 पासून भारत सरकारने कुटुंबनियोजन राष्ट्रीय कार्यक्रम म्हणून हाती घेतले. लाल त्रिकोण आणि 'आम्ही दोघे, आमचे दोन' हे आपल्यापैकी वडीलधाऱ्यांना आठवत असेलच.

आता दोन गावांकडे वळू. दोन्ही आपल्या ओळखीच्या मुलखातील, एकमेकांपासून शंभर किलोमीटरच्या आत, आणि काळही एकच.

पहिले गाव बार्शी. आणीबाणीचे दिवस. 1976 च्या जानेवारीत तेथे दहा दिवसांत एक हजार नसबंदी शस्त्रक्रिया करण्याचे ठरले. पहिले दोन दिवस कोणी फिरकले नाही. मग ट्रक निघाले आणि रस्त्यावरून, बाजारातून माणसे ओढून नेण्यात आली, असे त्या वेळी स्थानिक पत्राने छापले होते. देशभर शिक्षकांना, तलाठ्यांना, ग्रामसेवकांना माणसे आणण्याचे आकडे वाटून दिलेले होते आणि आकडा भरला नाही तर पगार अडत असे. 1976-77 ह्या एका वर्षात देशात सुमारे 82 लाख शस्त्रक्रिया झाल्या आणि त्यांतील सुमारे 62 लाख पुरुषांच्या होत्या. 1977 साली सरकार पडले. कार्यक्रमाचे नावही बदलून 'कुटुंब कल्याण' करावे लागले, कारण जुन्या नावाला लोक भिऊ लागले होते. ती भीती अजून गेलेली नाही. 2019-21 च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत शंभर विवाहित स्त्रियांत सुमारे 38 जणींची शस्त्रक्रिया झालेली दिसते. पुरुषांच्या नसबंदीचा आकडा हजारात तीन. सरकारने पुरुषाला धरून नेले, त्याचा भार दोन पिढ्यांपासून बायका वाहत आहेत.

दुसरे गाव जामखेड, अहमदनगर (आताचा अहिल्यानगर) जिल्ह्यातील. डॉ. रजनीकांत आरोळे आणि डॉ. मेबल आरोळे हे दांपत्य आपल्याच मंडळ्यांच्या जगातले, वेल्लोरच्या ख्रिस्ती वैद्यकीय महाविद्यालयात शिकलेले. आधी वडाळ्याच्या मिशन इस्पितळात काम करताना त्यांना दिसले की मोठ्या संख्येने रोगी येतात ते टाळता येण्याजोग्या आजारांनी, बरे होऊन जातात, आणि तेच पुन्हा येतात. म्हणून 1970 साली त्यांनी जामखेडला समग्र ग्रामीण आरोग्य प्रकल्प सुरू केला. प्रथम त्यांनी नेहमीप्रमाणे शिकलेल्या नर्सेस खेड्यांत ठेवून पाहिल्या. ते जमले नाही. शहराकडची तरुण मुलगी परक्या खेड्यात एकटी राहीना आणि गावातल्या बायका तिचे ऐकेनात. तेव्हा गावानेच आपल्यातली एक बाई निवडावी असे ठरले. निवडून आलेल्या बायकांत बहुतेक निरक्षर, काही विधवा, काही टाकलेल्या, पुष्कळशा दलित. दर आठवड्याला त्या जामखेडला येत, एकत्र जेवत, एकत्र निजत, आणि थोडे थोडे शिकून गावी परत जात. बाळंतपण स्वच्छ कसे करावे, नाळ कशाने कापावी, जुलाब लागलेल्या मुलाला मीठ-साखरेचे पाणी किती द्यावे, मूल वजनाने मागे पडते आहे हे कसे ओळखावे. 1972 च्या दुष्काळात गावोगाव पिण्याच्या पाण्यासाठी विंधणविहिरी घेतल्या गेल्या, त्याही ह्याच कामाचा भाग होत्या.

निर्गमच्या पहिल्या अध्यायात फारो लोकसंख्येला भितो आणि हुकूम काढतो. त्याचा हुकूम मोडतात त्या शिप्रा आणि पुवा ह्या दोन सुइणी. राजाचे नाव शास्त्राने दिले नाही, सुइणींची नावे मात्र दिली आहेत. जामखेडच्या बायकांचे काम पाहिले म्हणजे तो भाग वेगळ्या नजरेने वाचावासा वाटतो.

जामखेडचे आकडे शिक्षकांनी क्रमाने लिहावेत, कारण सगळे मर्म त्या क्रमात आहे. 1971 साली तेथे जन्मलेल्या हजार बालकांपैकी 176 वर्षाच्या आत दगावत होती. 1976 मध्ये ती संख्या 52 वर आली. जन्मदर मात्र ह्या पाच वर्षांत हजारी 40 वरून 34 पर्यंतच उतरला. म्हणजे आधी मरणे झपाट्याने घटली, जन्म हळूच घटले. काही काळ तर गाव आधीपेक्षा वेगाने वाढले असणार! येथेच अधिकारी अधीर होतात आणि ट्रक बोलावतात. आरोळ्यांनी वाट पाहिली. 1986 पर्यंत शंभरांतील 60 जोडपी आपल्या खुशीने कुटुंबनियोजन करीत होती. प्रारंभी शंभरात एकही नव्हते. 1996 पर्यंत जन्मदर हजारी 20 वर आला, म्हणजे निम्मा, आणि बालमृत्यू 26 वर. आईने आपल्या शेजारणीचे मूल जगलेले पाहिले, मग आपले जगलेले पाहिले, आणि मग तिने आठाचे तीन केले, तिनाचे दोन केले. जिने तिचे बाळंतपण केले तीच तिला साधने देत होती, म्हणून तिचा विश्वास बसला.

ह्या दांपत्यास 1979 साली मॅगसेसे पुरस्कार मिळाला. मेबलबाई 1999 साली आणि रजनीकांत 2011 साली प्रभूघरी गेले. काम थांबले नाही. येथून आपण अभ्यासाच्या दुसऱ्या भागाकडे येतो, कारण संस्थाही वाढतात आणि त्यांच्या वाढीलाही गणित आहे.

दहा माणसे एकत्र काम करतात तेव्हा त्यांच्यात 45 जोड्या होतात. माणसे शंभर झाली की जोड्या 4,950 होतात. माणसे दसपट वाढली, संबंध शंभरपटीहून अधिक वाढले, आणि प्रत्येक संबंधात एक गैरसमज होण्याची जागा आहे. म्हणून दहा जणांत जे तोंडी चालते ते शंभरांत कोलमडते. मोशे सकाळपासून संध्याकाळपर्यंत एकटा न्याय करीत बसला होता. इथ्रोने त्याला स्पष्ट सांगितले की अशाने तूही थकशील आणि लोकही. सासऱ्याचा सल्ला जावयाने ऐकल्याचे हे शास्त्रातील उत्तम उदाहरण होय. हजारांवर, शंभरांवर, पन्नासांवर, दहांवर माणसे नेमली गेली.

यरुशलेमेत शिष्यांची संख्या वाढली तेव्हा पहिली कुरबुर उपदेशाबद्दल निघाली नाही, रोजच्या भाकरीच्या वाटपाबद्दल निघाली. ग्रीक बोलणाऱ्यांच्या विधवा वाटपात सुटत होत्या. प्रेषितांनी काय केले? सात माणसे निवडण्यास मंडळीला सांगितले, आणि निवडलेल्या सातही जणांची नावे ग्रीक आहेत. म्हणजे ज्यांची तक्रार होती बहुधा त्यांच्याच हाती वाटप गेले. आमच्या सीमाभागातील वाचकांनी येथे थोडे थांबावे. 1956 च्या राज्य पुनर्रचनेपासून आपण मराठी घरे कर्नाटकात आहोत. एकाच मंडळीत कुणाच्या घरी मराठी, कुणाच्या घरी कन्नड, आणि मुले कन्नड शाळेत जातात. कमिटीवर कोण, हिशेब कोणाच्या भाषेत, संडेस्कूल कोणत्या भाषेत, ह्यावरून किती ठिकाणी मने दुखावली आहेत हे सांगण्याची गरज नाही. प्रेषितांचा तोडगा आपल्याकडे क्वचितच कोणी वापरून पाहिला आहे.

जामखेडही असेच वाढले. अधिक खाटा, अधिक डॉक्टर, अधिक मजले हा वाढीचा नेहमीचा मार्ग तेथे मुख्य धरला नाही. डॉक्टरचे काम नर्सला, नर्सचे काम गावातल्या बाईला, आणि बाईने ते घरातल्या आईला शिकवायचे. 1988 साली ह्यांपैकी एक कार्यकर्ती वॉशिंग्टनच्या परिषदेत बोलून आली. ज्या संस्थेत वरचा माणूस आपले ज्ञान खाली उतरू देत नाही ती त्याच्या आयुष्यापुरती वाढते. आपल्या कित्येक जुन्या मिशन संस्थांची गत पाहिली की हे पटते.

मंडळ्यांच्या वाढीबद्दलही एक शब्द. दुष्काळांच्या वर्षांत आपल्या पुष्कळ मंडळ्यांची पटसंख्या चढली. पंडिता रमाबाईंनी केडगावला मुक्तिसदन उभे केले तेथे 1900 च्या सुमारास जवळजवळ दोन हजार स्त्रिया-मुले होती, त्यांतील कितीतरी दुष्काळातून उचलून आणलेली. पुढे मध्य भारतात जन्मलेल्या डोनाल्ड मॅकगॅव्हरन ह्या मिशनऱ्याने 1955 मध्ये आणि त्यानंतर मंडळीवाढीचे एक शास्त्रच मांडले आणि आकड्यांकडे पाहण्याची सवय लावली. ती सवय उपयोगी आहे, पण रमाबाईंचा आकडा पाहताना तो भुकेने वाढला होता हेही लिहून ठेवले पाहिजे. रमाबाईंनी त्या मुलींना लिहायला, विणायला, छापखाना चालवायला शिकवले, ही वाढ पटावर दिसत नाही.

आज प्रश्न उलटला आहे. एका स्त्रीमागे सरासरी अपत्ये 1992-93 मध्ये देशात 3.4 होती, ती 2019-21 मध्ये 2.0 झाली, कर्नाटकात आणि महाराष्ट्रात 1.7. पिढीची जागा पिढीने भरून काढण्यास साधारण 2.1 लागतात. तरी संख्या लगेच उतरत नाही, कारण पूर्वी जन्मलेल्या मुली आता आया होत आहेत. भरधाव गाडी ब्रेक दाबताच जागच्या जागी थांबत नाही. पण संडेस्कूलच्या बाकांवर फरक दिसू लागला आहे. 'आपली माणसे कमी होत आहेत, मुले वाढवा' असे बोल आता ऐकू येतात. आंध्र प्रदेशात दोनपेक्षा अधिक मुले असणाऱ्यांना स्थानिक निवडणुकीस उभे राहू न देणारा नियम होता, तो 2024 साली विधानसभेने रद्द केला आणि मुख्यमंत्र्यांनी लोकांना अधिक मुले होऊ द्या असे सांगितले. काल कमी करा, आज वाढवा. दोन्ही वेळी सांगणारा एक आणि नऊ महिने वाहणारी दुसरी. आमचे स्पष्ट मत आहे की मंडळीने ह्या दोन्ही हाकांपासून दूर राहावे.

आणखी एक काटा आहे. जामखेडच्या शेजारी बीड जिल्हा. 2011 च्या जनगणनेत तेथे सहा वर्षांखालील हजार मुलग्यांमागे 807 मुली होत्या. कुटुंब लहान झाले, पण मुलगी नको हे मन मोठे झाले नाही. लहान कुटुंबात मुलग्याची जागा राखण्यासाठी मुलीची जागा गेली. गर्भलिंग तपासणीविरुद्ध देशात पहिला कायदा महाराष्ट्राने 1988 साली केला, तरी हे झाले. आणि आमच्या बाजूला दहावीच्या आतच मुलीचे लग्न ठरवणारी घरे अजून आहेत, मंडळीतलीही आहेत. मुलगी अठराच्या आत आई झाली की तिचे बाळ हलके जन्मते, दोन पिढ्यांमधले अंतर कमी होते, आणि तिचे शिक्षण तेथेच थांबते. पाळकसाहेबांनी लग्नाच्या जाहिरा वाचण्यापूर्वी शाळेचा दाखला पाहावा, एवढे तरी प्रत्येक मंडळीस करता येईल.

वर्गासाठी काम : प्रत्येक विद्यार्थ्याने घरातल्या आजी-पणजीबद्दल विचारून यावे की किती मुले झाली आणि किती मोठी झाली. मग तेच आईबद्दल विचारावे. चार रकाने करून फळ्यावर आकडे मांडावे, नावे नकोत. आजीला हे विचारताना घाई करू नये, कारण गेलेल्या मुलांची नावेही तिला पाठ असतात. मोठ्या वर्गांनी पाळकसाहेबांच्या परवानगीने मंडळीचे बाप्तिस्म्याचे आणि दफनाचे रजिस्टर पाहावे. जुन्या पानांवर एक वर्षाखालील बालकांचे दफन दर दहा नोंदींत किती आणि अलीकडच्या पानांवर किती, हे मोजावे. साल आणि वय तेवढे उतरवून घ्यावे व रजिस्टर त्याच दिवशी परत कपाटात ठेवावे.